राजपर्ण : एका कल्पित वनस्पतीचा इतिहास

१

जी वनस्पती पृथ्वीच्या पाठीवर कधी उगवलीच नाही, तिचा इतिहास लिहिता येईल काय? प्रथमदर्शनी हा प्रश्न निव्वळ शब्दच्छल वाटेल. इतिहासाला पुरावा लागतो आणि वनस्पतिशास्त्राला नमुना. कल्पित वनस्पतीपाशी यांपैकी काहीच नसते. तथापि साहित्याच्या अभ्यासकाला हे ठाऊक आहे, की अशा वनस्पतींनाही आयुष्य असते आणि ते पुष्कळदा खऱ्या झाडांपेक्षा दीर्घ असते. त्यांना नावे मिळतात, नावांवरून पंडितांत वाद होतात, त्यांच्या शोधार्थ माणसे डोंगर चढतात, आणि शेवटी एखादी खरीखुरी वनस्पती ते नाव धारण करून बागेत वाढू लागते.

प्रस्तुत लेखात आम्ही अशा एका वनस्पतीकडे पाहणार आहोत. तिचे नाव अथेलास. जे. आर. आर. टॉल्किन यांच्या १९५४-५५ साली तीन खंडांत प्रसिद्ध झालेल्या 'द लॉर्ड ऑफ द रिंग्ज' या कादंबरीत ती येते. तीन हजार वर्षांच्या घडामोडींचे ओझे वाहणाऱ्या या कथेत तिच्या वाट्याला आलेली पाने अगदी मोजकी आहेत. परंतु ज्ञान, नाव आणि उपयोग यांच्या परस्परसंबंधांविषयी टॉल्किन यांना जे म्हणायचे होते, ते त्यांनी या क्षुल्लक पाल्याच्या निमित्ताने जितक्या स्पष्टपणे म्हटले आहे, तितके क्वचितच इतरत्र म्हटले असेल. शिवाय ते ज्यांना उद्देशून म्हटले आहे, त्यांत भाषा-साहित्य शिकणारे आणि शिकवणारे आपण सगळेच येतो. म्हणून हा प्रपंच.

अथेलासकडे वळण्यापूर्वी तिच्या पूर्वजांची थोडी विचारपूस करणे आवश्यक आहे. कल्पित वनस्पतींचेही एक कुळ असते.

२

पाश्चात्त्य साहित्यात या कुळाची मूळपुरुष म्हणता येईल अशी वनस्पती होमरच्या 'ओडिसी'च्या दहाव्या सर्गात भेटते. सर्सी ही मायाविनी ओडिसियसच्या साथीदारांना खाद्यातून औषध घालते. त्या औषधाने त्यांना मायदेशाचा विसर पडतो आणि मग तिच्या छडीच्या स्पर्शाने त्यांची डुकरे होतात. त्यांना सोडवायला निघालेल्या ओडिसियसला वाटेत हर्मीस देव भेटतो आणि एक वनस्पती उपटून देतो. तिचे मूळ काळे आणि फूल दुधासारखे पांढरे. देव तिला 'मोली' म्हणतात. मर्त्य माणसांना ती खणून काढणे कठीण, देवांना मात्र सर्व काही शक्य. होमर एवढेच सांगतो. माणसे तिला काय म्हणतात, हे तो सांगत नाही. कदाचित माणसांच्या भाषेत तिला नावच नसावे.

येथून पुढे जे घडले ते मोठे उद्बोधक आहे. होमरनंतर काही शतकांनी, इसवी सनापूर्वी चौथ्या-तिसऱ्या शतकात, ॲरिस्टॉटलचा शिष्य थिओफ्रास्टस आपल्या वनस्पतिविषयक ग्रंथात मोलीची नोंद करतो. ती फेनेऑसच्या परिसरात आणि सिलीनी पर्वतावर उगवते, तिचा कंद कांद्यासारखा गोल असतो, असे तो लिहितो. आणि शांतपणे जोडून देतो की ती खणायला म्हणतात तितकी अवघड नाही. देवांच्या भाषेतील शब्द असा पहिल्यांदा माणसांच्या टोपलीत आला. पुढे इसवी सनाच्या पहिल्या शतकात रोमन ग्रंथकार प्लिनी उलट टोकाला जातो. आपल्याला दाखवण्यात आलेले मोलीचे मूळ तीस फूट लांब होते आणि तेही पुरते निघाले नव्हते, असे तो सांगतो. एक म्हणतो सोपे, दुसरा म्हणतो अशक्यप्राय. आणि दोघेही एका कवितेतील अर्ध्या वाक्याला उत्तर देत असतात.

१७५३ साली लिनियसने वनस्पतींच्या द्विपद नामकरणाचा पाया घालणारा ग्रंथ प्रसिद्ध केला. त्यात लसणाच्या कुळातील एका प्रजातीला त्याने 'ॲलियम मोली' हे नाव दिले. ती आजही युरोपात बागांतून शोभेसाठी लावतात. गंमत अशी की तिचे फूल चांगले पिवळेधमक असते. दुधाळ पांढऱ्या फुलाचा होमरने दिलेला एकुलता एक ठळक पुरावा नामकरणाच्या विधीत हरवला. नाव मात्र टिकले.

यानंतर १९८३ साली प्लाइटाकिस आणि ड्यूव्हॉइझिन या दोन चेताविज्ञांनी एक निबंध लिहून असे प्रतिपादन केले की मोली म्हणजे 'स्नोड्रॉप' हे हिवाळ्याच्या अखेरीस फुलणारे पांढरे फूल असावे. सर्सीने धोतऱ्याच्या जातीचे विष दिले असावे आणि स्नोड्रॉपमध्ये आढळणारे गॅलँटामाइन हे द्रव्य त्या विषावर उतारा ठरते, असा त्यांचा युक्तिवाद. हेच गॅलँटामाइन आज स्मृतिभ्रंशाच्या रुग्णांना देतात. मायदेश विसरलेल्या खलाशांवरील उतारा आणि आपले घर विसरलेल्या वृद्धांवरील औषध एकच असावे, हा योगायोग मोहात पाडणारा आहे. तो खरा मानावा की नाही, हे आम्ही वाचकांवर सोडतो. आमचा मुद्दा वेगळा आहे. जवळजवळ पावणेतीन हजार वर्षे एक नाव आपल्याला साजेशी वनस्पती शोधत हिंडते आहे, आणि प्रत्येक युग आपापल्या गरजेप्रमाणे तिला एक वनस्पती मिळवून देते आहे.

३

मराठी वाचकाला यात परके असे काही वाटणार नाही. वाल्मीकिरामायणाच्या युद्धकांडात मृतसंजीवनी, विशल्यकरणी, सावर्ण्यकरणी आणि संधानी अशा चार औषधी सांगितल्या आहेत. नावे पाहिली तरी उपयोग कळतो : पहिली मेलेल्याला उठवणारी, दुसरी शल्य काढणारी, तिसरी त्वचेचा वर्ण पूर्ववत करणारी, चौथी तुटलेले सांधणारी. जांबवानाला आणि सुषेणाला त्यांची नावे ठाऊक आहेत, ठिकाणही ठाऊक आहे. हनुमंताला उड्डाणाचे सामर्थ्य आहे. नाही ती फक्त ओळख. समोर उभ्या असलेल्या झाडोऱ्यातली नेमकी कोणती, हे न कळल्यामुळे त्याला अख्खे शिखर उचलून आणावे लागते. आपण या प्रसंगात पराक्रम पाहत आलो. परंतु नाव माहीत असणे आणि वनस्पती माहीत असणे या दोन गोष्टींत केवढे अंतर असते, याचेही ते चित्र आहे. ते अंतर एका पर्वताएवढे आहे. त्या अंतरावरचा शोध अजून थांबलेला नाही. २०१६ साली उत्तराखंड सरकारने संजीवनीच्या शोधासाठी २५ कोटी रुपयांची योजना जाहीर केली होती.

सोमाची कथा याहून करुण आहे. ऋग्वेदाचे एक संपूर्ण मंडल ज्या वनस्पतीच्या रसाला वाहिलेले आहे, ती वनस्पती ब्राह्मणग्रंथांच्या काळातच दुर्मीळ झाली होती. ती न मिळाल्यास पूतीका वापरावी, असे पर्याय त्या ग्रंथांतूनच सांगितले गेले. मंत्र जसेच्या तसे राहिले, स्वरांसकट राहिले, आणि ज्याच्यासाठी मंत्र होते ते हातून निसटले. १९६८ साली गॉर्डन वॉसन यांनी सोम म्हणजे एक प्रकारची अळंबी असा तर्क मांडला, इतरांनी एफेड्रा सुचवली. वाद चालूच आहे.

मोली, संजीवनी आणि सोम या तिन्ही उदाहरणांत एक समान सूत्र दिसते. शब्द वनस्पतीपेक्षा अधिक काळ जगतो. अशा मागे उरलेल्या शब्दाचे काय करायचे, हा भाषाशास्त्रज्ञाचा प्रश्न आहे. टॉल्किन हे व्यवसायाने भाषाशास्त्रज्ञ होते, हे येथे लक्षात घेतले पाहिजे.

४

टॉल्किन (१८९२-१९७३) यांनी पहिल्या महायुद्धातून परतल्यावर १९१९-२० च्या सुमारास 'ऑक्सफर्ड इंग्लिश डिक्शनरी'च्या कार्यालयात काम केले. त्यांच्या वाट्याला 'डब्ल्यू' या अक्षराचे काही शब्द आले होते. त्यांत अक्रोडाला इंग्रजीत असलेला 'वॉलनट' हा शब्दही होता. एखाद्या फळाचे नाव कोणत्या लोकांबरोबर, कोणत्या वाटेने भाषेत आले, हे शोधणे हे त्यांचे रोजचे काम होते. पुढे १९२५ पासून वीस वर्षे ते ऑक्सफर्डमध्ये अँग्लो-सॅक्सन भाषेचे प्राध्यापक होते. १९३९ साली परीकथांवर दिलेल्या आणि १९४७ साली छापलेल्या व्याख्यानात त्यांनी एक उदाहरण दिले आहे. 'हिरवा सूर्य' असे कोणीही म्हणू शकतो. पण ज्या जगात हिरवा सूर्य स्वाभाविक वाटेल असे जग रचणे हे खरे श्रमाचे आणि कौशल्याचे काम आहे, असा त्यांचा आशय होता. कल्पित वनस्पतीलाही हाच न्याय लागू पडतो. निळ्या पानांचे, गाणारे झाड कोणीही लिहील. त्या झाडाला इतिहास देणे अवघड असते.

अथेलास प्रथम येते ती अगदी साध्या प्रसंगात. वेदरटॉप या टेकडीवर रात्री हल्ला होतो आणि फ्रोडोच्या खांद्यात शापित सुरी घुसते. अ‍ॅरागॉर्न अंधारात, केवळ वासावरून, एक पाला शोधून आणतो, उकळत्या पाण्यात टाकतो आणि त्या पाण्याने जखम धुतो. हे करताना तो जे सांगतो ते असे : ही वनस्पती पश्चिमेकडून समुद्र ओलांडून आलेल्या लोकांनी या भूमीत आणली. आता ती विरळ झाली आहे आणि जेथे त्या लोकांची वस्ती वा तळ होता, त्याच ठिकाणांजवळ उगवते. उत्तरेत रानोमाळ हिंडणाऱ्या काहींनाच तिची ओळख उरली आहे.

वनस्पतीचे एवढे वर्णन वाचून आपण पुढे जातो. पण जरा थांबून पाहिले तर ध्यानात येते की याच टेकडीवर त्या पश्चिमेकडच्या लोकांचा टेहळणीचा बुरूज होता, हे काही पानांपूर्वीच आलेले आहे. बुरुजाचे आता केवळ पडके दगड उरले आहेत. माणसे गेली, त्यांचे राज्य लयाला गेले, आणि त्यांनी लावलेला पाला मात्र उगवत राहिला. तो पाला ही एक प्रकारे त्या राज्याची सनद आहे. जुन्या वस्तीच्या खुणा शोधताना अभ्यासक दगड-विटांबरोबर झाडेही पाहतात, कारण माणसाने आणलेली झाडे माणसामागे राहतात. आपल्याकडे ओसाड गावठाणात चिंचेची-आंब्याची झाडे पाहून 'येथे कधीतरी घरे होती' असे जाणती माणसे सांगतात, तोच हा तर्क. टॉल्किन यांच्या वनस्पतीला चमत्काराआधी भूगोल मिळतो आणि भूगोलातून इतिहास मिळतो.

हीच काटेकोर वृत्ती त्यांच्या दुसऱ्या एका वनस्पतीत, 'पाइपवीड'मध्ये, दिसते. १९३७ च्या 'द हॉबिट' या पुस्तकात ते सरळ 'टोबॅको' म्हणतात. मोठ्या कादंबरीत तो शब्द टाळलेला आहे. कारण उघड आहे. तंबाखू मूळची अमेरिकेची, युरोपात ती सोळाव्या शतकात आली. प्राचीन युरोपसदृश भूमीत तिला जागा नाही. म्हणून प्रस्तावनेत तिच्यावर एक स्वतंत्र प्रकरण लिहून, ती बहुधा न्यूमेनॉरच्या लोकांनी समुद्रापलीकडून आणली असावी, असा निष्कर्ष मेरी या पात्राने लिहिलेल्या वनस्पतिग्रंथाच्या नावावर नोंदवला आहे. पश्चिमेकडून, समुद्र ओलांडून : खऱ्या तंबाखूचा प्रवास कल्पित भूगोलात जसाच्या तसा उतरला आहे. 'द हॉबिट'च्या पहिल्या आवृत्तीत स्वयंपाकघरात टोमॅटो होते. १९६६ च्या आवृत्तीत त्यांच्या जागी लोणचे आले. टोमॅटोही अमेरिकेचाच. तीस वर्षांनी एका भाजीसाठी वाक्य बदलणाऱ्या लेखकाने अथेलासचे उगमस्थान सहज म्हणून लिहिले असेल, असे मानायला जागा नाही.

५

अथेलासचा मुख्य प्रसंग तिसऱ्या खंडात, मिनास तिरिथ नगरीच्या शुश्रूषागृहात घडतो. युद्ध नुकतेच संपले आहे. फारामिर, एओविन आणि मेरी हे तिघे एका विचित्र व्याधीने मृत्यूच्या दिशेने सरकत आहेत. जखमा फार मोठ्या नाहीत. शत्रूच्या काळ्या छायेचा स्पर्श त्यांना झाला आहे. नगरीतील वैद्य त्यापुढे हतबल आहेत. तेथे सेवा करणारी आयोरेथ नावाची एक म्हातारी, राजाचे हात हे वैद्याचे हात असतात, अशी जुनी समजूत बोलून दाखवते. तिचे बोलणे ऐकून गॅन्डाल्फ अ‍ॅरागॉर्नला बोलावून आणतो.

अ‍ॅरागॉर्न विचारतो, अथेलास आहे का? आयोरेथला हे नाव ठाऊक नाही. मग तो गावरान नाव घेतो, 'किंग्सफॉइल'. 'फॉइल' म्हणजे पान, लॅटिन 'फोलियम'वरून आलेले. आम्ही त्याला मराठीत 'राजपर्ण' म्हणू. ते ऐकताच म्हातारी ओळखते. रानात बहिणींबरोबर हिंडताना तो पाला पाहून 'याला असे नाव का बरे पडले असेल' असा विचार तिच्या मनात आलेला असतो. आपण राजा असतो तर बागेत याहून देखणी झाडे लावली असती, असेही ती म्हणते. चुरडल्यावर त्याला छान वास येतो, हे तिला माहीत आहे. पण शुश्रूषागृहात तो ठेवत नाहीत.

मग येतो औषधिशाळेचा प्रमुख. हे पात्र टॉल्किन यांनी मोठ्या मिश्किलपणे रेखाटले आहे. त्याला वनस्पतीची तिन्ही नावे येतात : खेडवळ लोकांचे किंग्सफॉइल, उच्चभ्रूंचे अथेलास, आणि अतिप्राचीन भाषेतले 'असेआ अरानियॉन', म्हणजे राजांची असेआ. अ‍ॅरागॉर्न त्याला थांबवून म्हणतो, की पाला मिळणार असेल तर तो कोणत्या नावाने मिळतो याची मला पर्वा नाही. प्रमुखाचे उत्तर असे, की तो येथे ठेवत नाहीत, कारण त्याला हवा शुद्ध करण्यापलीकडे काही गुण असल्याचे आमच्या ऐकिवात नाही. म्हाताऱ्या बायका काही जुनी गाणी म्हणतात, तेवढेच. आणि मग तो ते गाणे म्हणूनही दाखवतो. काळी छाया पसरेल तेव्हा राजाच्या हातातला हा पाला मरणाऱ्याला जीवन देईल, असा त्याचा स्पष्ट अर्थ आहे. गाणे अडाणी बायकांच्या तोंडी भ्रष्ट झाले असावे, असे त्याचे मत. अर्थ काय तो तुम्हीच ठरवा, असे तो सांगतो.

हा प्रसंग आम्हांला सगळ्या कादंबरीतील सर्वांत बोचरा वाटतो. संहिता त्याला तोंडपाठ आहे. पाठभेदांची त्याला शंका आहे. भाषिक स्तरांचे त्याला ज्ञान आहे. शेजारच्या खोलीत नेमक्या त्याच काळ्या छायेने तिघे जण मरत आहेत, आणि जे गाणे तो म्हणतो आहे ते त्यांच्याविषयी आहे, हे त्याच्या लक्षात येत नाही. शेवटी पाला आणतो बेर्गिल नावाचा एक मुलगा : निदान पंधरवड्यापूर्वी खुडलेली, कशीबशी मिळालेली सहा पाने.

येथे टॉल्किन सोपी वाट घेत नाहीत, हेही सांगितले पाहिजे. आजीबाईचा बटवा श्रेष्ठ आणि पोथी निरुपयोगी, असा निष्कर्ष या प्रसंगातून निघत नाही. आयोरेथपाशी वास आणि ओळख आहे, अर्थ नाही. प्रमुखापाशी नावे आणि संहिता आहेत, वस्तू नाही. मुलाच्या हाती वस्तू आहे, पण तिचे काय करायचे हे त्याला कळत नाही. तिघांचे ज्ञान एकत्र आल्याखेरीज कोणीही वाचत नाही. ज्ञानाचे असे तुकडे पडणे हीच त्या नगरीची खरी व्याधी आहे.

आणि मग अ‍ॅरागॉर्न पाने चुरडून वाफाळत्या पाण्यात टाकतो. फारामिरच्या खोलीत तो सुगंध निर्मळ उन्हाच्या, दवाने भिजलेल्या सकाळींची आठवण करून देतो. एओविनच्या खोलीत सुगंध असा येतच नाही, हिमशिखरांवरून आल्यासारखा ताजा, बोचरा वारा येतो. मेरीच्या खोलीत फळबागांचा आणि मधमाश्यांनी गजबजलेल्या उन्हातल्या माळाचा वास दरवळतो. पाला एकच, पण प्रत्येकाला तो त्याच्या स्वतःच्या जगाकडे परत नेतो. साहित्यकृती आणि वाचक यांच्या नात्याविषयी वर्गात आपण जे बोलतो, ते याहून फारसे वेगळे नसते.

६

या चित्रावर एक गंभीर आक्षेप घेता येतो आणि तो टाळून पुढे जाणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. औषधाला राजाचाच हात का लागावा? आयोरेथने तोच पाला त्याच पाण्यात टाकला असता तर?

युरोपच्या इतिहासात या कल्पनेला आधार आहे. इंग्लंड आणि फ्रान्समध्ये राजाच्या स्पर्शाने गंडमाळा बरी होते, असा समज शतकानुशतके होता. इंग्रजीत त्या रोगाचे नावच 'किंग्ज ईव्हिल' होते. शेक्सपिअरच्या 'मॅकबेथ'च्या चौथ्या अंकात एडवर्ड राजाच्या दारी जमलेल्या रोग्यांचा उल्लेख आहे. १७१२ साली अडीच वर्षांच्या सॅम्युअल जॉन्सनला त्याच्या आईने लंडनला नेऊन अ‍ॅन राणीचा स्पर्श घडवला. रोग काही बरा झाला नाही, पण तेव्हा मिळालेले सोन्याचे नाणे जॉन्सनने जन्मभर गळ्यात बाळगले. पुढे १७५५ साली इंग्रजीचा थोर शब्दकोश प्रसिद्ध करणारा जॉन्सन तो हाच. अ‍ॅननंतर १७१४ साली गादीवर आलेल्या पहिल्या जॉर्जने ही प्रथा बंद केली. फ्रान्समध्ये १८२५ साली दहाव्या चार्ल्सने तिचा शेवटचा प्रयोग केला. मार्क ब्लॉक या इतिहासकाराने १९२४ साली या प्रथेवर ग्रंथ लिहिला, तेव्हा त्याच्यापुढे प्रश्न असा होता की रोगी बरे होत नसताना लोकांनी इतकी शतके विश्वास का ठेवला. चमत्कार व्हायलाच हवा, ही अपेक्षाच चमत्कारावरील विश्वासाला जन्म देते, अशा आशयाचे त्याचे उत्तर होते.

टॉल्किन या श्रद्धेला पुन्हा सिंहासनावर बसवतात, हे खरे आहे, आणि लोकशाहीत वाढलेल्या वाचकाला ते खटकणे योग्यच आहे. तथापि त्यांनी क्रम उलटा केला आहे, हेही पाहावे. इंग्लंडचे राजे आधी राजे होते आणि म्हणून बरे करणारे ठरत. अ‍ॅरागॉर्न नगरात येतो तो करड्या झग्यात, राज्याभिषेकावाचून. त्याच्या राजेपणाची वार्ता नगरात पसरते ती त्याने रोगी उठवल्यानंतर. म्हणजे बरे करणे ही राजेपणाची परीक्षा आहे. शिवाय हा पाला राजाने राजवाड्यात शिकलेला नाही. उत्तरेच्या ओसाड मुलखात, ज्यांना कोणी ओळख देत नाही अशा भटक्यांत राहून त्याने ती ओळख टिकवली आहे. या उत्तराने आक्षेप पूर्णपणे मिटतो असे आमचे म्हणणे नाही. म्हातारीच्या हातून पाला राजाच्या हाती जातो आणि श्रेयही त्याच्याबरोबर जाते, ही बोच शिल्लक राहतेच.

७

औषधिशाळेचा प्रमुख टॉल्किन यांना कोठे भेटला असेल, याचा तर्क करायला फार दूर जावे लागत नाही. दहाव्या-अकराव्या शतकांतील अँग्लो-सॅक्सन वैद्यकाच्या हस्तलिखितांत नऊ वनस्पतींना संबोधून म्हटलेला एक मंत्र आहे. त्यांपैकी काही नावे सहज ओळखू येतात, काहींविषयी आजही विद्वानांत एकमत नाही. हजार वर्षांपूर्वी शेताच्या बांधावरून कोणीही उपटून आणला असता तो पाला आज केवळ शब्द होऊन कोशात बसला आहे. अशा शब्दांच्या सान्निध्यात टॉल्किन यांनी आयुष्य काढले. तो प्रमुख म्हणजे त्यांच्याच व्यवसायाचे, कदाचित स्वतःचेही, व्यंगचित्र आहे.

या व्यंगचित्राला आपल्या काळाने एक वेगळा शेवट जोडला आहे. 'बाल्ड्स लीचबुक' नावाचा, दहाव्या शतकाच्या मध्यातील एक वैद्यकग्रंथ लंडनच्या ब्रिटिश लायब्ररीत आहे. ऑस्वल्ड कॉकेन या शाळामास्तराने १८६४ ते १८६६ या काळात जुन्या इंग्रजीतील अशा ग्रंथांचे तीन खंड संपादित आणि अनुवादित केले. त्यानंतर दीर्घकाळ ते प्रामुख्याने भाषाशास्त्राच्या विद्यार्थ्यांनीच चाळले. त्यांतील औषधांकडे अंधश्रद्धेचा नमुना म्हणूनच पाहण्याची रीत होती. २०१५ साली नॉटिंगहॅम विद्यापीठात जुन्या इंग्रजीच्या अभ्यासक क्रिस्टिना ली आणि सूक्ष्मजीवशास्त्रज्ञ फ्रेया हॅरिसन यांनी आपल्या सहकाऱ्यांसह या ग्रंथातील डोळ्यांच्या मलमाची कृती जशीच्या तशी करून पाहिली. लसूण, 'क्रॉपलेक' नावाची दुसरी एक वनस्पती, वाइन आणि बैलाचे पित्त एकत्र करून नऊ रात्री ठेवायचे आणि कापडातून गाळायचे, अशी ती कृती. आजच्या रुग्णालयांत धाक असलेल्या, अनेक प्रतिजैविकांना न जुमानणाऱ्या 'एमआरएसए' जंतूंना त्या मिश्रणाने मोठ्या प्रमाणावर मारले. सुटे घटक तेवढे प्रभावी ठरले नाहीत. सगळे एकत्र यावे लागले.

या प्रयोगातील एक तपशील आपल्या विषयाच्या दृष्टीने सर्वांत मोलाचा आहे. 'क्रॉपलेक' म्हणजे नेमके काय, कांदा की लीक, हे शब्दावरून निश्चित होईना. म्हणून संशोधकांनी दोन्ही वापरून पाहिले. कोशातील अनिश्चितता त्यांनी झाकली नाही आणि तिच्यापाशी थबकून बसलेही नाहीत. ती प्रयोगशाळेत नेली. भाषेचे ज्ञान आणि जंतूंचे ज्ञान येथे एकत्र आले. शुश्रूषागृहातील म्हातारी, प्रमुख आणि मुलगा येथे एका टेबलाभोवती बसले, असे म्हणता येईल. राजाची गरज मात्र पडली नाही.

कल्पित वनस्पती शोधून सापडत नसते, आणि अथेलास कोणत्या खऱ्या झाडावरून सुचली असेल हा शोधही आम्हांला फारसा महत्त्वाचा वाटत नाही. त्या वाटेने थिओफ्रास्टस गेला, लिनियस गेला आणि हाती पिवळे फूल आले. या वनस्पतीने विचारलेला प्रश्न मात्र खरा आहे आणि तो आपल्या अभ्यासक्रमांना थेट लागू पडतो. आमच्या विद्यापीठांतून ओव्या, जात्यावरची गाणी, म्हणी आणि वाक्प्रचार यांचे संकलन झाले, वर्गीकरण झाले, प्रबंध लिहिले गेले. त्या ओव्यांत आलेल्या झाडापाल्यांची नावे आपण प्रश्नपत्रिकेत विचारतो. त्यांपैकी किती झाडे आपण बांधावर पाहून ओळखू? आणि ओळखणाऱ्या बाईला वर्गात बोलावून तिला तिच्या ओवीचा अर्थ विचारण्याची पद्धत आपल्याकडे किती महाविद्यालयांत आहे? तोंडपाठ संहिता हे ज्ञानच आहे. तो प्रमुख नसता तर ते गाणे राजाच्या कानी गेले नसते. पण त्या दिवशी शेजारच्या खोलीत रोगी होते, ही गोष्ट त्याला कोणीतरी सांगायला हवी होती.